शेवटच्या बांधीपर्यंत

मयताच्या घरी काय बोलावं याचे आपल्याकडे काही दंडक आहेत. "मोठा आधार गेला" म्हणावं, "सुटले बिचारे" म्हणावं, नाहीतर गप बसून जमिनीकडे पाहावं. आमचे काकाजी या तिन्हींतलं काहीच करत नसत. बसल्या बसल्या शेजारच्या माणसाच्या गुडघ्याला हात लावून हळूच विचारत, "तुमच्या अठी आवाज कसा येते?"

पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाटे, या माणसाचं डोकं ठिकाणावर नाही. "कशाचा आवाज?" तो विचारी. "आपल्या रेडिओचा जी," काकाजी म्हणत. आणि अंगणात तिरडी बांधणं चालू असताना इकडे ओसरीवर चौकशी सुरू होई. सकाळी साफ येते का, ढग असले की खरखर वाढते का, घरात येते की अंगणात जावं लागते. निघताना मात्र ते खरोखर डोळे पुसत निघत. दुःख खोटं नव्हतं, काळजी त्याहून मोठी होती एवढंच.

लोक काय, "येते की, बराबर येते" म्हणून मोकळे होत. त्यावर काकाजींचा कधी विश्वास बसला नाही. परतीच्या वाटेवर ते मला म्हणत, "तोंडावर खराब कोन म्हनते, पोरी? तलावावर बी असंच होतं. पानी पोचलं का विचारलं, तर पोचलं म्हनत. मंग मी सोता जाऊन पाहो, तर बांधी कोरडी ठन्न."

साकोलीत बियाण्याच्या एका दुकानाच्या माडीवर आमचं एफएम केंद्र होतं. दोन खोल्या, भिंतींना ठोकलेल्या जुन्या गाद्या, गच्चीवर एक मनोरा आणि खालून जाणाऱ्या हायवेच्या ट्रकांची अखंड घरघर. काकाजी केंद्राचे प्रमुख आणि मी निवेदिका. रेडिओतलं त्यांना काही म्हणजे काही कळत नसे. त्याआधी कितीतरी वर्षं ते आपल्या गावच्या तलावाच्या सोसायटीचे अध्यक्ष होते, म्हणून म्हातारी माणसं त्यांना अजून अध्यक्षच म्हणत. धानाच्या बांध्यांना, म्हणजे बांध घातलेल्या वाफ्यांना, कोणी कधी किती पाणी घ्यायचं, हे ठरवण्यात त्यांचं आयुष्य गेलेलं. केंद्र चालवणाऱ्या संस्थेने त्यांना रेडिओवर आणून बसवलं ते माणूस सरळ आहे म्हणून. त्यांनी आल्या दिवशीच सगळ्या यंत्रांची आपल्या डोक्यात व्यवस्था लावून टाकली. फ्रिक्वेन्सी म्हणजे तलाव. ट्रान्समीटर म्हणजे तुडूम, म्हणजे तलावाचं पाणी सोडायचं दार. आणि ऐकणारे म्हणजे बांध्या. त्यातही जवळच्या बांध्यांशी त्यांना काही देणंघेणं नव्हतं. "दाराजवळचा तं पिऊनच घेते," ते म्हणत, "टेलवाल्याले विचारा." सगळ्यात शेवटी, जिथे पाणी पोचेपर्यंत मरून जातं, तो टेल.

माझी निवडही त्याच हिशेबाने झाली. माझं शिक्षण, माझा आवाज, मी घोटून आणलेलं निवेदन, कशाकडेही त्यांनी लक्ष दिलं नाही. फक्त गाव विचारलं. मी सांगितलं. नागझिऱ्याच्या जंगलाला टेकलेलं आमचं गाव, आमच्या आवाजाच्या पार कडेला. "टेलची हायेस," ते म्हणाले. "बराबर हाये. टेलवाल्याले तहान ठाऊक असते." झाली नेमणूक.

त्यांच्यासोबत काम करणं म्हणजे चोवीस तास कान टवकारून वावरणं. काळजी ही खरजेसारखी लागते, हे मी तिथे शिकले. ट्रान्समीटरच्या खोलीत पाल दिसली की पाल आत शिरेल. नाही दिसली तर शिरलीच असेल. वीज गेली तर इन्व्हर्टर चालेल का, आणि गेली नाही तर अजून कशी गेली नाही. खिशात एक रेडिओ, पिशवीत दुसरा, आणि पहिला खोटं बोलतोय का ते दुसऱ्याला विचारायचं. एखादं गाणं लागलं की आम्ही ऐकत असू गाणं, ते ऐकत असत गळती. "आता थोडा दबला का आवाज?" हे वाक्य मी झोपेतही ऐकलं आहे.

पण त्यांच्या जिवाला खरा घोर होता तो वाटणीचा. आम्हाला जो नंबर मिळाला, तोच सानगडीच्या वाटेवरच्या एका कॉलेजच्या केंद्रालाही मिळालेला. एकच फ्रिक्वेन्सी, दोन घरं. पहाटेपासून सकाळपर्यंत त्यांनी बोलायचं, मग दिवसभर आम्ही, संध्याकाळी पुन्हा ते. दोघं एकाच वेळी बोलले की दोघांचंही मातेरं. एक आवाज दुसऱ्याला खातो, आणि ऐकणाऱ्याच्या हाती नुसती खरखर येते. म्हणून करारात लिहिलं होतं की अदलाबदलीच्या मधे थोडा वेळ दोघांनीही बंद राहायचं. काकाजींना ही अट म्हणजे तलावाची फुटकी पाळ, फुटका बांध वाटे. वाहतं पाणी मधेच सोडून द्यायचं? तलावावर नियम असा, की पुढचा माणूस पाळीवर येऊन उभा राहिल्याशिवाय मागच्याने जागा सोडायची नाही. बारी, म्हणजे पाणी घ्यायची वेळ, हातोहात द्यायची.

तेव्हा रोज सकाळी ते कॉलेजचं केंद्र पाहणाऱ्या मॅडमना फोन लावत. "मॅडम, उभ्या हा ना?"

"उभी आहे, काका." मॅडम बिचाऱ्या खुर्चीत बसून पोहे खात असत, हे आम्हा सर्वांना ठाऊक होतं.

"मी बी उभा हाओ. द्या मंग."

आणि ते खरोखर उभे असत, चप्पल काढून, बटणावर हात ठेवून. "दिली" ऐकल्याशिवाय त्यांनी बटण कधी दाबलं नाही. मॅडमना परगावी जायचं असलं तरी त्या वेळी फोन उचलावा लागे. एकदा त्या दवाखान्यात होत्या, तिथूनही त्यांनी बारी दिली. हसत दिली, पण दिली.

मोहाच्या दिवसांत ही अदलाबदल म्हणजे आमच्या गावच्या बायांचं घड्याळ असे. अंधार फिटायच्या आत बाया टोपले घेऊन जंगलात शिरतात आणि रात्रभर गळालेलं मोहफूल वेचतात. माझी मायही जाते. रेडिओ फांदीला अडकवलेला असतो. करमणूक होते, आणि आवाज असला की जनावर अंतर राखतं असं त्या म्हणतात. जंगलात मोबाईलला रेंज नाही, रेडिओ मात्र येतो. म्हणून गार्डकडून आलेली जंगलाची खबर आम्ही रोज सांगायचो, आज अमक्या भागात जाऊ नका, तमक्या नाल्याकडे वाघ दिसला. मोह वेचणारी बाई वाकलेली असते. वाकलेलं माणूस वाघाला माणूस वाटत नाही. हे वाक्य मी दर मोसमात माईकवर म्हणायची, आणि म्हणताना मला माझ्या मायची पाठ दिसायची.

धुळवडीचा दिवस होता. आमची वेळ सुरू व्हायला अजून अवकाश होता. मी खबर लिहून घ्यायला फोनपाशी बसले होते. जंगलाच्या चौकीवरून गार्डचा फोन आला तो नेहमीच्या आवाजात नव्हता. "वाघीन हाये, पिल्लं हायेत संग. नाल्याच्या वरच्या अंगाले बसून राहिली. बाया वेचत वेचत तिकडंच जाऊन राहिल्या असतीन. मी फेरा मारून जातो, पन येळ लागन. तुम्ही लवकर सांगा." नाल्याच्या वरच्या अंगाला मोहाची जी झाडं आहेत, त्यातलं एक आमचं आहे.

मी काय बोलले आठवत नाही. काकाजींनी माझ्या हातातून फोन घेतला, सगळं पुन्हा ऐकलं आणि लगेच मॅडमना लावला. घंटी वाजत राहिली. पुन्हा लावला. कॉलेजला सुटी. मॅडम धुळवडीला माहेरी गेलेल्या, आणि भजनं कम्प्युटरला लावून दिलेली. यंत्र आपलं एकामागून एक भजन सोडत होतं. दारावर माणूसच नव्हता. कोणी गाडी घेऊन कॉलेजवर जाऊन कुलूप तोडेपर्यंत, नाल्याकाठी जे व्हायचं ते होऊन गेलं असतं.

"काकाजी, लावा," मी म्हटलं.

"बारी त्याइची हाये."

"माही माय हाये तिकडं."

ते बटणापाशी नुसते उभे होते. मी त्यांच्यावर ओरडले. वडीलधाऱ्या माणसाला कोणी बोलू नये असं बोलले. दुसऱ्याची बारी तोडणं हे त्यांच्या हातून आयुष्यात घडलं नव्हतं, आणि आता तोडूनही उपयोग होईल की नाही याची खात्री नव्हती, कारण भजन चालूच राहणार होतं. तलावाची दोन दारं उघडली तर पाणी दुप्पट होतं. इथे दोन दारं उघडली की दोन्ही आटतात. त्यांची सगळी विद्या त्या एका बटणापाशी येऊन संपली. मग त्यांनी डोळे मिटले आणि बटण दाबलं.

मी वाचायला लागले. नाल्याकडे जाऊ नका, वाघीण आहे, सगळ्यांनी एकत्र राहा, आवाज करत गावाकडे या. काकाजी रेडिओ घेऊन गच्चीवर गेले. काचेतून मला पायऱ्या दिसत होत्या. ते खाली आले आणि त्यांनी मान हलवली. मी पुन्हा वाचलं. ते पुन्हा गेले, पुन्हा आले, पुन्हा मान हलवली. मी माझ्या मायला मरणातून मागे बोलवत होते आणि मला माहीत होतं की तिच्यापर्यंत झांजांच्या आवाजात कुटलेला भुगा पोचतोय. तरी मी स्पष्ट उच्चार करत होते. शिकवलेलं असतं ना, शब्द तोडायचे नाहीत, घाई करायची नाही.

काकाजी दार उघडून आत आले. चालू माईकसमोर कोणी बोलत नाही, ते बोलले. "वाचू नोको. शब्द तुटून राहिले. हाक मार."

"काय हाक?"

"पाळीवरून मारतो तशी. वाऱ्यात शब्द तुटते, पोरी. लंबी हाक नाई तुटत."

मी कागद ठेवला आणि हाक मारली. माये ओऽऽ, घरी ये ओऽऽ. बांधीतल्या माणसाला पाळीवरून मारतात तशी, पोटातून. एकदा, दोनदा, मग थांबताच येईना. हाकेची केव्हा रड झाली ते मला कळलं नाही. काकाजी गेले नाहीत, गच्चीवरही नाही. माझ्या खुर्चीची पाठ धरून उभे राहिले. भजनं संपली, वेळ झाली, कम्प्युटर आपोआप बंद पडला आणि आवाज मोकळा झाला. तेव्हा मी खबर पुन्हा नीट वाचली. पण माझा घसा असा बसला होता की तीही कोणाला कळली असेल असं वाटत नाही.

त्यानंतरचं ते वाट पाहणं. ते काही लिहिण्यासारखं नाही. गार्डचा फोन लागत नव्हता. दुकानापुढे पोरं रंग खेळत होती आणि त्यांच्या प्रत्येक आरोळीला माझ्या अंगावर काटा येत होता. शेवटी गावातून शेजारच्या काकूंचा फोन आला. सगळ्या बाया परतल्या होत्या. मागून नाल्याच्या ओल्या रेतीत पिल्लांच्या पंज्यांचे ठसेही दिसले, आमच्या झाडापासून हाकेच्या अंतरावर. मग माय फोनवर आली. मी विचारलं, रेडिओवर काय ऐकलं?

"भजन होतं," माय म्हणाली. "त्यात कोनी बाई रडत होती व. मले काही बरं नाई वाटलं. मी म्हनलं, चला वं बाया, घरी. अन आलो."

ती बाई मी होते हे मला सांगताच आलं नाही. मी फोन ठेवला. काकाजींना मी सगळं सांगितलं. मला वाटलं होतं ते आनंदतील. ते म्हणाले, "रडनं पोचलं. खबर नाई पोचली." आणि पायऱ्यांवर जाऊन उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी मॅडम आल्या. चूक आमची, कम्प्युटरवर सोडून जायला नको होतं, असं त्या सांगत होत्या, तर काकाजी त्यांच्यासमोर हात जोडून उभे. "मॅडम, मी तुमची बारी चोरली."

"अहो काका, काय बोलता! बायांचे जीव वाचले."

"वाचले. पन चोरली त चोरली."

तलावावर नियम होता. ज्याने दुसऱ्याची बारी तोडली, त्याची पुढची बारी बंद. या नियमापायी त्यांनी एकदा सख्ख्या मेहुण्याचं धान करपू दिलं होतं, आणि त्या घरून त्यांच्या बायकोला पुढे कितीतरी दिवाळ्या कोणी न्यायला आलं नाही. आता तोच नियम त्यांनी स्वतःला लावला. उद्याचा दिवस आमचं केंद्र बंद. मॅडम हसल्या, मी चिडले, संस्थेच्या लोकांनी फोनवर समजावलं. ते ऐकेनात. मेहुण्याला एक न्याय आणि मला एक, असं कसं? गार्डला विचारून, जंगलात वाघिणीने जागा बदलली आहे, बायांना धोका नाही, एवढी खात्री मात्र त्यांनी करून घेतली. आणि या सगळ्या गडबडीत, उद्या आपण बंद आहोत हे लोकांना सांगायचं आमच्यातल्या एकाच्याही लक्षात आलं नाही.

त्या सकाळी कॉलेजचे कार्यक्रम संपले आणि पुढे काहीच आलं नाही. काकाजी चप्पल काढून बंद बटणापाशी उभे होते, सुतकात बसल्यासारखं तोंड करून. मी रिकाम्या खुर्चीत. जंगलाकडच्या गावांत काय चाललं असेल याची आम्हाला कल्पना नव्हती.

दुपारी खाली गलका झाला. एसटीतून उतरलेल्या बाया दुकानावरून सरळ माडीवर चढल्या. आमच्या गावच्या होत्या, पलीकडच्या गावच्या होत्या, आणि त्यांच्याही पलीकडच्या एका टोल्यावरच्या, लहानशा वस्तीवरच्या, दोघी होत्या. त्या टोल्यावर काकाजी स्वतः रेडिओ घेऊन किती वेळा गेले असतील, पण तिथल्या कोणी त्यांना धड उत्तर दिलं नव्हतं. सगळ्यांच्या पुढे माझी माय.

"काहून बंद केलं जी रेडिओ?" ती पहिल्या पायरीपासूनच बोलत आली. "आमी तठी मोहाखाली. बारी सरली अन एकदम चूप! मले वाटलं, वाघच आला साकोलीत. टोपले टाकून पळालो आमी. सारं फूल माकडाइनं खाल्लं. त्याचं काय?"

"माही पोरगी ठेचकाळली पळता पळता," टोल्यावरची एक म्हणाली. "भरल्या मोसमात असं करते का कोनी?"

मी मधे पडायला गेले. काकाजींनी मला हाताने बाजूला केलं. ते दारात येऊन उभे राहिले आणि ज्याला कोणी शिव्या देतंय अशा माणसाच्या चेहऱ्यावर जे असायला हवं, त्यातलं काहीच त्यांच्या चेहऱ्यावर नव्हतं. ते त्या टोल्यावरच्या बाईकडे पाहत होते.

"तू कवापासून आयकून राहिली, माय?"

"पयल्या दिवसापासून."

"मंग मी विचारत होतो तवा काहून नाई सांगतलं?"

"त्यात सांगाचं काय? येते त येते."

काकाजी उंबऱ्यावर बसले. "टेलवाला भांडाले कवा येते, ठाऊक हाये का?" ते मला म्हणाले. "त्याच्या बांधीत पानी येत असन, तवाच. ज्याले कधी भेटलंच नाई, तो कायले येईन?" मग बायांकडे वळून म्हणाले, "बोला. अजून बोला." आणि बाया बोलल्याच. त्यांना कोणी अडवलं असतं तर लवकर दमल्या असत्या. ते ऐकत राहिले. इतकं निवांत मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

सगळं बोलून झाल्यावर, पाणी पिता पिता, मायला काहीतरी आठवलं. "अन जी," तिने विचारलं, "धुळवडीच्या दिवशी ते रडनारी बाई कोन होती?"

काकाजींनी माझ्याकडे पाहिलं. मी नको म्हणून मान हलवली. ते म्हणाले, "तुहीच पोरगी होय. तुलेच हाका मारून राहिली होती."

माय ग्लास हातात धरून माझ्याकडे पाहत राहिली. खाली ट्रक जात होते.

"अव माय," ती हळू म्हणाली. "मले त वाटलं, कोनाची तरी माय मेली."

मग ती उठली आणि तिने माझं मनगट धरलं. जिना उतरताना धरलेलं होतं, रस्ता ओलांडताना धरलेलं होतं. साकोलीच्या स्टँडवर गाडी लागेपर्यंत ती आजूबाजूच्या बायांशी माकडांनी खाल्लेल्या मोहाबद्दलच बोलत होती, पण मनगट तिने सोडलं नाही.